चुनखडीवरची पावलं

९ मार्च १९६६, बुधवार

योले म्हणाली, "माझ्यावर ओरडू नकोस. एक वही आण आणि तिच्यावर ओरड." एकतीस वर्षं संसार केलेल्या बायकोला एवढं बोलायचा हक्क आहे. वही आणली. आता ओरडतो.

दुपारी फोन वाजला, मी उचलला. पलीकडे कुणी पोरगा होता, आवाजावरून दाढीवाला वाटला. "रेल्वेत असतात त्या बार्तोलुच्चींचं घर ना? तुल्लिया आहे का?" मी म्हटलं, रेल्वेत कोण असतं? तो म्हणाला, "तिचे वडील. तिनंच सांगितलंय."

मी रेल्वेत! मी, नेल्लो बार्तोलुच्ची, वय वर्षं चोपन्न, रोममधला आवाजवाला! आमच्याकडे सिनेमाचं चित्र आधी घेतात आणि आवाज मागाहून स्टुडिओत चढवतात. नट बोलतो ते दुसराच कुणीतरी बोलतो. आणि नट चालतो, दार लोटतो, सूप भुरकतो, थोबाडीत देतो, ते सगळं मी करतो. दोनशे बारा सिनेमे झाले. सीझरच्या पलटणीच्या पलटणी मी एकट्याने चालवल्यात, कमरेला चमच्यांचा जुडगा बांधून. या शहरातल्या निम्म्या नट्यांची चुंबनं माझ्या स्वतःच्या मनगटावर झालीत. नाव मात्र पडद्यावर एकदाही आलं नाही. आवाजवाल्याचं नाव घालायची पद्धत नाही, त्याला काय करणार.

पण पोटची पोर, बावीस वर्षांची, विद्यापीठात शिकणारी, बापाचा धंदा लपवते? आणि लपवून रेल्वे सांगते? निदान डॉक्टर तरी सांगायचं!

मी तिला विचारणार नाही. विचारलं तर ती उत्तर देईल, त्याचीच भीती वाटते.

१० मार्च, गुरुवार

गुरुवार म्हणजे न्योक्की, बटाट्याच्या उकडलेल्या गोळ्या. ताट समोर आलं. आणि रेल्वेचं कारणही कळलं. तुल्लियाच्या फिल्म क्लबाने एक जाहीरनामा काढलाय, 'खोट्या आवाजाचा अंत'. स्टुडिओत बनवलेला आवाज म्हणजे जनतेची फसवणूक, यापुढे जागेवरचाच खरा आवाज हवा, वगैरे. खाली सह्या आहेत. तिसरी सही तुल्लिया बार्तोलुच्ची.

कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात तो हा.

मी म्हटलं, "सही करताना हात नाही थरथरला?"

ती म्हणाली, "बाबा, तुझ्याविरुद्ध नाहीये ते. खोटेपणाविरुद्ध आहे."

"मग मी कोण?"

योलेने ताटात आणखी चार न्योक्की घातल्या, म्हणजे दोघांनी गप्प बसा.

१९ मार्च, शनिवार

संत जोसेफचा दिवस, बापांचा दिवस. तुल्लिया क्रीम भरलेले तळलेले गोळे घेऊन आली. मग जवळ बसून विचारते, "बाबा, तू पाऊस कशाचा करतोस?"

मी काय दूधखुळा आहे? क्लबाच्या मासिकाच्या पुढच्या अंकासाठी पुरावे गोळा करायला आलीय. म्हटलं, "पाण्याचा." प्रत्यक्षात ताणलेल्या कागदावर तांदूळ सोडतो, पण फाशी देणाऱ्याला दोर वळायला कोण शिकवेल?

तिचा चेहरा उतरला. तीन गोळे खाल्ले आणि उठून गेली. बरी खोड मोडली.

१४ एप्रिल, गुरुवार

निर्मिती सांभाळणाऱ्या आत्तिलियोने बोलावलं. वीस वर्षांची ओळख, त्यामुळे पहिलं वाक्यच खोटं बोलला. "नेल्लो, किती तरुण दिसतोस!"

गोष्ट अशी की आमचे दिग्दर्शक मेस्त्रो कास्तेल्वेत्री, ज्यांच्या सात सिनेमांत माझ्याखेरीज एक पान हललेलं नाही, ते पॅरिसला जाऊन आलेत आणि सत्याला भेटलेत. नवा सिनेमा 'चुनखडी'. डोंगरातल्या गावात, चुन्याच्या भट्टीवर काम करता करता मेलेल्या माणसाची विधवा. सगळा आवाज जागेवरच घेणार.

"मग मी काय करू?"

"तू शांतता राखायचीस," आत्तिलियो म्हणाला. "सेटवर. तुझ्याइतकं आवाजातलं कोणाला कळतं?"

दोनशे बारा सिनेमांत आवाज केला, आता दोनशे तेराव्यात आवाज न करण्याची नोकरी. आगीतून फुफाट्यात. तरी हो म्हटलं, कारण घरी बसलो तर योले दुसरी वही आणायला लावेल.

तुल्लियाला काही सांगितलं नाही. विचारलंच तर सांगायचं, काऊबॉयच्या सिनेमात घोडे चालवतोय.

१६ मे, सोमवार

शूटिंगचा पहिला दिवस. मला लाल झेंडा आणि शिट्टी दिली आहे.

अडचण अशी की आमच्या लोकांनी जन्मात कधी सेटवर तोंड बंद ठेवलेलं नाही. ठेवायचं कशाला? आवाज मागाहूनच चढणार असतो. कॅमेरा चालू असताना सुतार खिळे ठोकतात, दिवेवाले फुटबॉलवर भांडतात, मेस्त्रो स्वतः भोंग्यातून ओरडतात, "रड! आता रड! डावीकडे बघून रड!" तीस वर्षांची सवय एका सोमवारी जाते होय?

मी झेंडा वर केला. कुणी बघेना. शिट्टी फुंकली. सगळे गप्प झाले. मेस्त्रोंनी आनंदाने "चालू!" म्हटलं, आणि स्वतःच भोंग्यातून ओरडले, "सुंदर! असंच! कुणी बोलू नका!"

दुसऱ्यांदा घेतलं तेव्हा माझ्या शिट्टीने गावातली चार कुत्री धावत आली. तिसऱ्यांदा घेईपर्यंत जेवायची वेळ झाली.

२० मे, शुक्रवार

आज नवऱ्याच्या प्रेतापाशी विधवेचा विलाप. देल्मा सांतारेल्ली विधवा झालीय. काय बाई आहे! डोळ्यांतून धारा लागल्या, ओठ थरथरले, प्रेताचे हात हातात घेतले आणि फोडलेला टाहो असा:

"एकेचाळीस! बेचाळीस! त्रेचाळीस! अरे देवा, चव्वेचाळीस!"

मेस्त्रोंनी कपाळावर हात मारला. "देल्मा, आकडे का मोजतेस?"

"चौदा वर्षं आकडेच मोजतेय," ती म्हणाली. "ओठ हलले की झालं ना? शब्द तर मागून ती दुसरी बाई बोलते. मला कुणी पाठ करायला सांगितलेत कधी?"

मग शब्द पाठ करून बोलली. तेव्हा सगळ्यांना पहिल्यांदा देल्माचा स्वतःचा आवाज ऐकू आला. प्रेत झालेला नट हसला. त्याला समज दिली. पण खरं सांगायचं तर मासळी बाजारातल्या बाईने गिऱ्हाइकाला हाक मारावी तसा आवाज आहे तिचा. मेस्त्रो म्हणाले, "हेच सत्य आहे," पण म्हणताना आवंढा गिळला.

७ जून, मंगळवार

शूटिंग संपलं. निरोप घेताना सगळ्यांनी माझी थट्टा केली, कुणी कुजबुजून, कुणी खुणांनी. आता शांत राहायला शिकलेत लेकाचे!

२१ जून, मंगळवार

आज स्टुडिओच्या छोट्या थिएटरात आम्ही तिघांनी आवाज ऐकला. मेस्त्रो, आत्तिलियो आणि मी.

विधवा डोंगर उतरते. ऐकू येतात रातकिडे. विधवा कपडे वाळत घालते. ऐकू येतं विमान. विधवा मुलाच्या कानाशी लागून "तुझे बाबा आता येणार नाहीत" असं म्हणते, आणि मागून आमचा दिवेवाला स्पष्ट विचारतो, "डुकराच्या मांसाचा पाव कुणाकडे उरलाय?" वीस दिवसांच्या कामातली अकरा मिनिटं बरी निघाली. त्यातली चार रातकिड्यांची.

दिवे लागले. मेस्त्रो उठले. मग म्हणाले, "सत्य नीट ऐकू येत नाहीये."

आत्तिलियोने माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं. एवढा मान मला उभ्या जन्मात मिळाला नव्हता, तो दहा सेकंद तरी चाखून घेतला.

मग कागद निघाला. सगळा आवाज मी नव्याने करायचा, पण कुणालाही, घरच्यांनाही, सांगायचं नाही. सांगितलं तर या कंपनीचं दार कायमचं बंद. सिनेमाच्या सुरुवातीला पाटी येणार, 'या चित्रपटातील प्रत्येक आवाज जागेवरच घेतलेला आहे.'

मी सही केली. का केली ते वहीला सांगायला हरकत नाही. तुल्लिया हा सिनेमा बघणारच. माझ्या पावलांना खरी समजून टाळ्या पिटणार. जिचा बाप रेल्वेत आहे ती! मनातल्या मनात का होईना, जिंकेन मी.

६ जुलै, बुधवार

फिल्मचे तुकडे गोल जोडून पडद्यावर पुन्हापुन्हा फिरवतात आणि समोर मी खोक्यांत चालतो. एक खोकं खडीचं, एक मातीचं, एक फरशीचं. विधवेच्या तोंडून बोलणारी बाई रोज मागच्या जिन्याने येते. तिनेही सही केलीय. जिन्यात भेटलो की आम्ही एकमेकांना ओळख दाखवत नाही. बारा वर्षं ओळखतो.

सगळं जमलं, एक विधवेचं चालणं सोडून. तिसऱ्या रिळात ती नवऱ्याला पुरून एकटी भट्टीवरून खाली येते, साडेतीन मिनिटं. मी बायकी जोड्यांचे पाच जोड आणले. मेस्त्रो प्रत्येक वेळी म्हणतात, "खोटं. ही बाई जोडे विकत घ्यायला निघालीय."

वाईट वाटलं. कारण त्यांचं बरोबर होतं.

मग आठवलं, योलेची आई गेली तेव्हा योले दफनभूमीवरून घरी कशी आली होती. टाच आधी टेकायची, मग थांबायची, जणू पुढचं पाऊल कुणाला विचारून टाकायचंय. आज तिचे रविवारचे काळे जोडे पिशवीत घालून नेले. माझा पाय त्यात शिरेना, म्हणून हातात घातले आणि खडीच्या खोक्यापुढे गुडघे टेकून बसलो. साडेतीन मिनिटं चाललो. पहिल्याच खेपेला जमलं.

मेस्त्रो रडत होते. "हेच, नेल्लो! हे माणसाला बनवता येत नाही!"

मी म्हटलं, "मेस्त्रो, आत्ताच बनवलं." त्यांना ते ऐकू गेलं नाही.

१५ जुलै, शुक्रवार

योलेला शेजाऱ्यांच्या बाळाच्या बाप्तिस्म्याला जायचं होतं, जोडे सापडेनात. मी म्हटलं, चांभाराकडे टाकलेत. तुल्लिया दारात उभी होती. माझ्या पँटच्या, खडीच्या पिठीने पांढऱ्या झालेल्या गुडघ्यांकडे बघत म्हणाली, "बाबा, त्या काऊबॉयच्या सिनेमाचं कुठवर आलं?"

"घोडे चाललेत अजून."

"घोडे आईच्या जोड्यांत चालतात वाटतं?"

"घोडी आहे," मी म्हटलं.

ती हसत सुटली, मग एकदम माझ्या कपाळाचा मुका घेऊन आत गेली. वेळेवर सुचलं म्हणून बरं, नाहीतर सगळं बिंग फुटलं असतं. तिला काडीचाही संशय आलेला नाही.

१० सप्टेंबर, शनिवार

उत्तरेकडच्या एका महोत्सवात 'चुनखडी'ला बक्षीस मिळालं, 'ध्वनीच्या प्रामाणिकपणाबद्दल'. तुल्लियाने जेवताना पेपर मोठ्याने वाचला. एक समीक्षक लिहितो, 'ही पावलं ऐकल्यावर स्टुडिओतल्या आवाजवाल्यांनी आपली दुकानं बंद करावीत.'

वाचताना ती मधेमधे थांबून माझ्याकडे बघत होती. जखमेवर मीठ चोळत होती, दुसरं काय? "बाबा, तुला काही म्हणायचंय?" तिने दोनदा विचारलं.

मी म्हटलं, "मीठ दे."

जिंकलो म्हणायचं का याला? मला वाटलं होतं फार मजा येईल. पोरगी समोर बसून माझं कौतुक वाचतेय आणि ते दुसऱ्याचं आहे. ताट अर्धं टाकून उठलो. योलेला वाटलं पोट बिघडलंय, म्हणून तिने भाताची पेज केली.

२३ ऑक्टोबर, रविवार

आजचं आजच लिहितो.

सकाळी तुल्लियाच्या क्लबात 'चुनखडी' दाखवला आणि मग मेस्त्रोंशी चर्चा. "तुम्ही दोघांनी यायचंच," असं तिने आठवडाभर टुमणं लावलं होतं. आम्हाला पहिल्या रांगेत बसवलं. मला वाटलं, रेल्वेवाल्या बापाला खरा सिनेमा शिकवायचाय.

सिनेमा संपला. मेस्त्रो मंचावर बसले, शेजारी क्लब चालवणारे प्राध्यापक. तुल्लिया कागद घेऊन उभी राहिली. लांबलचक कागद होता.

"मेस्त्रो, विधवा भट्टीवरून खाली येते तेव्हा मायक्रोफोन कुठे होता?"

"खडीत पुरला होता," मेस्त्रो म्हणाले. सभागृहात कौतुकाची कुजबुज झाली.

"आणि ती कपडे वाळत घालते तेव्हा?"

"दोरीला टांगला होता."

"ती पाव मोडते तेव्हा?"

"पावात."

माझं रक्त तापलं. माझी भाबडी पोर एवढ्या विश्वासाने विचारतेय, आणि हा माणूस तिच्या तोंडावर थापा मारतोय! आणि तिला फसवायला साहित्य कुणी पुरवलं? मीच.

मेस्त्रो म्हणाले, "सिन्योरिना, हे पाऊल आयुष्यातून येतं. माणसाच्या हातून ते कधीच बनणार नाही."

मी उभा राहिलो. उभं राहायचं असं काही ठरवलं नव्हतं. "बनलं!" मी ओरडलो. "माझ्या हातून बनलं! या हातांनी!"

सगळे बघायला लागले. योलेला म्हटलं, "जोडे काढ."

"इथे? अरे, मोज्याला भोक आहे!"

"काढ म्हणतो ना!"

तिने काढले. ती अशीच आहे, आधी बोलते आणि मग करते. मी मंचावर चढलो, जोडे हातात घातले, गुडघे टेकले आणि विधवेला भट्टीवरून खाली आणलं. खडी नव्हती, लाकडी फळ्या होत्या, तरी आणलं. टाच टेकली, थांबली, पुढे आली. सभागृहात खोकलासुद्धा ऐकू येईना. सेटवर वीस दिवस मिळाली नाही ती शांतता इथे मिळाली. मेस्त्रोंचा चेहरा चुन्यासारखा झाला होता.

मी थांबलो. आणि टाळ्या कोसळल्या. प्राध्यापक गहिवरून उठले. "मित्रांनो! एका साध्या प्रेक्षकाने पडद्यावरचं दुःख स्वतःच्या हातात घेतलं! कलेला याहून मोठं उत्तर कोणतं?"

"प्रेक्षक नाही हो!" मी म्हटलं. "मी आवाजवाला आहे! हे सगळे आवाज मीच केलेत!"

"आपण सगळ्यांनीच केलेत!" मागून एक दाढी ओरडली. पुन्हा टाळ्या.

मेस्त्रोंच्या जिवात जीव आला. त्यांनी मला मिठी मारली, आणि मिठीतच कानात म्हणाले, "पुरे कर, गाढवा."

तेवढ्यात तुल्लिया मंचावर आली. प्राध्यापकांच्या पुढ्यातला मायक्रोफोन ओढून घेतला. ती म्हणाली, "हे माझे वडील आहेत. नेल्लो बार्तोलुच्ची. हे खरोखरच आवाजवाले आहेत आणि या सिनेमातली पावलं यांचीच आहेत. मी तुम्हाला ते रेल्वेत आहेत म्हणून सांगत आले, कारण मला लाज वाटायची. आता त्या लाजेचीच लाज वाटते."

मग तीच मागची दाढी बाकावर चढली. "हे आपल्या सर्वांचे वडील आहेत!"

अख्खं सभागृह उभं राहिलं. दोघी-तिघींनी डोळे पुसले. तुल्लिया संतापाने पाय आपटत होती, "अरे गाढवांनो, खरेखुरे वडील! जन्मदाते!" ते टाळ्यांत बुडून गेलं. मग ती माझ्या शेजारी फळ्यांवरच बसली आणि हसता हसता रडायला लागली. मीही.

"तुला कधीपासून ठाऊक होतं?" मी विचारलं.

"घोडीपासून."

"मग त्या लबाडाला एवढ्या भक्तीने प्रश्न का विचारत होतीस?"

"बाबा, कागदावर अठ्ठावीस प्रश्न होते. शेवटचा होता, नेल्लो बार्तोलुच्ची कोण? तुला दम कुठला निघतो!"

योले खालून अनवाणी ओरडत होती, "माझे जोडे द्या आधी!"

१२ नोव्हेंबर, शनिवार

आत्तिलियोचा फोन आला. मी म्हटलं, झालं, दार बंद. तो म्हणाला, "वकिलाला विचारलं. तू सांगितलंस खरं, पण कुणाचा विश्वास बसला नाही, म्हणजे करार मोडलेला नाही." मेस्त्रोंचा पुढचा सिनेमा मौनव्रती साधूंचा आहे. मठातल्या शांततेसाठी त्यांना मीच हवा. मी म्हटलं, पाटीवर नाव घालणार असाल तर येतो. तो म्हणाला, विचारून सांगतो. म्हणजे नाही.

तेवढ्यात तुल्लिया क्लबाचं मासिक घेऊन आली, दार आपटूनच. तिने टिपण लिहून दिलं होतं, अगदी सरळ, आठ ओळींचं. 'चुनखडीमधली विधवेची, मुलाची, पाद्र्याची आणि गाढवाची पावलं नेल्लो बार्तोलुच्ची यांनी केली. कपडे, पाव, दार आणि वारासुद्धा त्यांनीच केला. जागेवर घेतलेले फक्त रातकिडे. ते माझे वडील आहेत आणि हे मी जाहीरनाम्यावर सही करण्याआधी लिहायला हवं होतं.' खाली स्वतःची सही.

संपादकाने ते छापलंय. कवितांच्या पानावर. वाक्यं मधेच तोडून, एकाखाली एक, कडेला एका उडत्या पक्ष्याचं चित्र.

तुल्लिया ओरडत होती, "राजीनामा देते मी! आत्ता देते!" मी पान हातात धरून उभा राहिलो. ओळी नाचायला लागल्या, डोळ्यांत पाणी आलं होतं.

योलेने ते माझ्या हातून घेतलं, चष्मा लावला, खिडकीपाशी जाऊन वरपासून खालपर्यंत वाचलं, परत एकदा वाचलं.

"कविता म्हणून का होईना," ती म्हणाली, "नाव बरोबर छापलंय."